कापायचं अस्वल

मॉस्कोतल्या आमच्या कार्टून स्टुडिओत एक जुनी युक्ती चालायची. तपासणी समितीला काहीतरी कापल्याशिवाय चैन पडत नसे, म्हणून आम्ही सिनेमात मुद्दाम एक खटकेल असं दृश्य जोडून ठेवायचो. साहेब तेवढं कापायचे आणि बाकीचा सिनेमा वाचायचा. या खेपेला दिग्दर्शक ग्लेबनं स्वतःच्याच छातीवर पदकं लावून घेणारं अस्वल काढलं, आणि त्याला भुवया दिल्या त्या थेट भिंतीवरच्या तसबिरीतल्या नेत्याच्या.

"ग्लेब, हे अंगाशी येईल," फिल्म जोडता जोडता मी म्हटलं.

"कापणारच आहेत, रिम्मा इग्नात्येव्ना. तुम्ही उगाच घाबरता."

समितीपुढे सिनेमा संपला, दिवे लागले. समितीचे प्रमुख कॉम्रेड स्तूपिन पडद्याकडेच बघत बसले होते.

"ठीक आहे," ते म्हणाले. "कापण्यासारखं काही नाही."

हे अस्वल आता देशभर दिसणार, आणि ते जोडणारे हात माझे.

"कॉम्रेड, ते अस्वल जरा लांबलंय," मी कसंबसं म्हणाले. "आत्ता काढून टाकते."

"का काढायचं?"

"बरं नाही दिसत."

ते माझ्याकडे वळले. त्यांच्या हातातल्या चहाच्या ग्लासात चमचा एकसारखा किणकिणत होता.

"कापायचं तर वरती कारण सांगावं लागतं," ते अगदी हळू म्हणाले. "ते कुणासारखं दिसतं, हे तुम्ही सांगता, की मी सांगू?"