केतकीचं नवं घर

मैत्रिणीने, केतकीने, घरं बांधायच्या ऑनलाइन गेमवर टाकलेलं नवं घर नेत्राने डाउनलोड केलं आणि रिकाम्या प्लॉटवर बसवलं. एरवी केतकी बंगले बांधायची. हा मात्र तिचा राहता फ्लॅट होता. स्वयंपाकघरामागच्या कोठीच्या खोलीला चारही बाजूंनी भिंती होत्या, दारच ठेवलं नव्हतं. आत एक गादी होती आणि गादीवर केतकीसारखीच चष्मेवाली मुलगी.

प्रेमप्रकरण कळल्यावर घरच्यांनी केतकीचा फोन काढून घेतला होता. लॅपटॉपवरचा गेम कुणाला धोक्याचा वाटला नव्हता.

नेत्रा तडक तिच्या घरी गेली.

"ती मामाकडे गेलीय गं, साताऱ्याला," केतकीच्या आई दारातच म्हणाल्या. "लग्न ठरतंय तिचं. तू कधी करतेस?"

"बघू. काकू, पाणी घेते हं," म्हणत नेत्रा चपला न काढताच स्वयंपाकघरात शिरली.