नववा अल्बम

"हा नाय चालायचा," सत्यभामा म्हणाली. "झांजा पाण्यात बुडवून वाजवल्यासारख्या वाटतात."

धम्मपालनं गाणं थांबवलं. त्याला स्वतःला काहीच फरक कळत नव्हता. "मोबाईलवर फुकट मिळालेलं आहे, आई. फाईल लहान व्हावी म्हणून आवाज दाबतात. न दाबलेली वेगळी शोधावी लागंल."

"मग शोध. अर्धवट कशाला ऐकवायचं त्यांना?"

पलंगावर अप्पाराव छताकडे बघत पडले होते. दोन महिन्यांपूर्वी लकव्यानं त्यांचे हातपाय नेले, वाचाही नेली. डॉक्टर म्हणाले होते, जुनं आवडीचं काही ऐकवत राहा, शब्द फुटला तर त्यातूनच फुटेल. धम्मपालला लहानपणी घरात पाहिलेली कॅसेटची पेटी आठवली. एका जुन्या इंग्रजी रॉक बँडचे नऊ अल्बम होते त्यात. पुढं ती पेटी दिसेनाशी झाली. ते नऊ अल्बम मूळ आवाजात जमवायचे आणि बाबांना बोलतं करायचं, एवढंच आता त्याच्या हातात होतं.

वाळूजच्या कारखान्यातली शिफ्ट संपली की तो शोधाला लागायचा. पाच अल्बम ऑनलाइन विकत मिळाले. तीन अल्बमच्या मूळ सीडी दौलताबादला किल्ल्यासमोर हॉटेल चालवणाऱ्या एका गृहस्थांकडे निघाल्या. त्या त्यानं पुसून, तपासून लॅपटॉपवर उतरवून घेतल्या. प्रत्येक अल्बम आई आधी स्वतः ऐकायची, मगच पास करायची.

गाणी लागली की अप्पारावांच्या डोळ्यांतून पाणी यायचं.

"ओळखतात बघ," धम्मपाल म्हणायचा.

"ओळखणारच की." सत्यभामा पदरानं त्यांचे डोळे पुसायची.

ओठ हलायचे. आवाज मात्र येत नव्हता. धम्मपाल त्या ओठांकडे बघत बसायचा.

नववा अल्बम मिळाला त्या शनिवारी फिजिओथेरपीवाली सोनिया आली. "काका, आता पापणी तुमचं ऐकतीय. 'हो' असेल तर एकदा मिटायची, 'नाही' असेल तर दोनदा. सांगा, तुम्ही कन्नडचे आमदार का?"

दोनदा.

"सत्यभामाकाकूंचे मालक?"

एकदा. धम्मपाल कितीतरी दिवसांनी हसला.

सोनिया गेल्यावर त्यानं अल्बम लावला आणि पलंगाशी बसला.

"बाबा, नीट ऐकू येतंय ना?"

एकदा.

"आवडतंय?"

दोनदा.

"आधीचा एखादा लावू?"

दोनदा.

"मग काय, बंद करू?"

अप्पारावांनी डोळे घट्ट मिटले, ते बराच वेळ उघडले नाहीत.

धम्मपाल गोंधळला. "पण त्या कॅसेटी तुमच्याच होत्या ना, बाबा?"

दोनदा.

"माझ्या होत्या. छावणीतल्या माहेरातून आणलेल्या," कपड्यांच्या घड्या घालता घालता सत्यभामा म्हणाली. "यांनी पाणी तापवायच्या बंबात जाळल्या, एकेक करून. आवाज वाढव जरा."