उजवा कौल

पेटी उघडली तर आत एसटीची जुनी तिकिटं, शर्टाची दोन बटणं आणि एक खोटं नाणं निघालं.

"महाडकरांनी मन मोठं केलंय, साहेब," कंपाउंडर काशीराम म्हणाला.

डॉ. आमोद हसले नाहीत. कल्पना त्यांचीच होती. चौकाचौकात पुतळे उभे करायचे, खर्च कारखान्यांनी उचलायचा, प्रत्येक चौथऱ्यात एक दानपेटी, आणि जमेल तो पैसा गावच्या रुग्णालयाला. चवदार तळ्याच्या रस्त्यापासून बिरवाडी नाक्यापर्यंत पुतळे उभे राहिले. पोस्टमन, कंडक्टर, पहिल्या पाळीचा कामगार. लोक यायचे, कौतुक करायचे, शेजारी उभं राहून फोटो काढायचे आणि पैसे खिशात घेऊन घरी जायचे. आपल्याकडे कौतुक फुकटच असतं.

डॉक्टरांना कृत्रिम श्वासाचं मशीन हवं होतं. साप चावलेलं पोर मुंबईला नेता नेता माणगावच्या पुढे जात नसे. पोलादपूरकडच्या एका पोराला त्यांनी हाताने श्वासाचा फुगा दाबत दिवसभर जगवलं होतं. शेवटी हात थकले आणि पोर गेलं. तेव्हापासून त्यांच्या डोक्यात दुसरं काही शिरत नव्हतं.

सगळ्यांत देखणा पुतळा बिरवाडी नाक्यावरचा. आजारी लेकरू खांद्यावर टाकून निघालेली बाई, एक पाऊल उचललेलं, तोंड रुग्णालयाच्या दिशेला. मूर्तिकार मुरारीने त्यात जीव ओतला होता. डॉक्टरांचं घर तिथून हाकेच्या अंतरावर, पण तिची पेटीही रिकामीच.

घरी तुळजाबाई कपडे धूत होती. पोलादपूरच्या वरच्या वाडीतली विधवा बाई. बिरवाडीत खोली घेऊन राहायची, पहाटे नाक्यावरून चालत कामाला यायची. डॉक्टरांची लेक सई तिच्याच मांडीवर वाढली. आईपेक्षा तिला तुळजाबाईचा लळा जास्त, यावर सुमेधाताई हसत हसत रुसायच्या.

"डाक्टर, तुमच्या रुमालाला लाल लागलंय. निघत नाय."

"सईच्या गुडघ्याचं औषध असेल."

"आसंल," ती म्हणाली आणि पुन्हा साबण लावला.

त्याच आठवड्यात नाक्यावरच्या बाईच्या कपाळी कुंकू दिसू लागलं. पायाशी जास्वंद. मग कुणी नारळ ठेवला, कुणी हिरवा चुडा भरला, कुणी साडी नेसवली. बघता बघता ती 'नाक्याची आई' झाली. पाळी सुटली की कामगार मोटारसायकली थांबवून हात जोडू लागले. पेटी वरचेवर रिकामी करावी लागे.

मुरारी तणतणत दवाखान्यात आला. "माझं काम आहे ते. शेंदूर फासायचा धोंडा नाही. मी पुसून टाकतो."

"राहू दे. लोकांच्या श्रद्धेला आपण हात लावू नये."

"हे तुम्ही बोलताय? शाळाशाळांतून अंधश्रद्धेवर भाषणं देता ना?"

"मशीन येईपर्यंत, मुरारी. मग मी स्वतः धुऊन देईन."

"आता कौल लावायला लागलेत. दोन्ही खांद्यांवर ओली पाकळी चिकटवायची आणि विचारायचं. उजवी पडली तर हो, डावी पडली तर नाही. पडेपर्यंत जागचं हलायचं नाही. घरात कुणाला ताप आला की आधी तिच्याकडे जातात, मग तुमच्याकडे येतात."

"येतात ना? येताना पेटीत टाकूनच येतात," डॉक्टर म्हणाले आणि पुढचा पेशंट आत बोलावला.

मशीन आलं. उद्घाटनाच्या दिवशी डॉक्टर आणि सुमेधाताई सकाळीच रुग्णालयात गेले. सई घरी तुळजाबाईपाशी. मशीनला झेंडूचा हार घातला होता, लाल फीत बांधली होती, पेढे आले होते. तेवढे पाहुणे मात्र यायचे होते. डॉक्टर त्या यंत्रावरून लेकराच्या पाठीवरून फिरवावा तसा हात फिरवत होते. आता कुणाचं पोर वाटेत मरणार नव्हतं. आयुष्यात काहीतरी केलं, असं त्यांना त्या दिवशी मनापासून वाटलं.

सावल्या लांबल्या तरी पाहुण्यांचा पत्ता नव्हता. फाटकाशी गाडी वाजली म्हणून सगळे उठले.

रिक्षा होती. तुळजाबाई उतरली. खांद्यावर सई, मान लुळी, ओठ निळे.

"नाग व्हता. परसात, झावळ्यांखाली."

डॉक्टरांनी हार ओरबाडून काढला. नळी घातली, मशीन सुरू केलं, औषधं दिली, छाती दाबली. मशीनमध्ये काही खोट नव्हती. ते इमानाने हवा भरत होतं. सईची छाती वर जात होती, खाली येत होती. काळीज मात्र कधीच थांबलं होतं.

"साहेब," काशीराम हळूच म्हणाला, "बंद करू?"

सुमेधाताईंनी भिंतीला टेकून बसकण मारली.

"कधी चावला?" डॉक्टरांनी विचारलं.

"तुमी गेलात आन् लगेच."

"सकाळी? अगं, दवाखाना दहा मिनिटांवर! आधी इथं का नाही आणलीस?"

"आणणारच व्हते, डाक्टर. लगेच उचलली तिला, नाक्यावर नेली, कौल लावला. इचारलं, दवाखान्यात नेऊ का? पाकळी पडंना. पोर मांडीवर घेऊन बसले. उजवी पडली तशी रिक्षा केली."

"सिमेंट आहे ते!" डॉक्टर ओरडले. "सिमेंटचा पुतळा आहे, तुळजाबाई! कुणी सांगितलं तुला ती देवी आहे म्हणून?"

तुळजाबाईने पदराने डोळे पुसले. त्यांचं बोलणं तिला खरंच कळत नव्हतं.

"असं काय बोलता, डाक्टर? त्या पहाटेला तिथं कुणी नव्हतं, मी कामाला येत व्हते. तिला पयलं कुंकू तुमीच लावलंत."