काळमावशीची झोप

सकाळपासून कोंबड्यांवर टोपल्या पालथ्या घातल्या होत्या आणि देवळातल्या घंटेत कापूस कोंबला होता. वर्षभर गावासाठी दिवस कातणारी काळमावशी वर्षाच्या शेवटच्या दिवशी झोपते. सूर्य मावळायच्या आत तिची झोप मोडली, तर गावातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाला ती सोबत घेऊन जाते, असं सगळेच मानत. त्या दिवशी कुणी खोकतसुद्धा नसे.

नेमकी त्याच दुपारी कुंभाराची सून बाळंत झाली. तोंडात पदर कोंबून तिनं मुकाट्यानं कळा सोसल्या. बाळही आवाज न करता आलं, तेव्हा अंगणात जमलेल्यांना हायसं वाटलं.

सुईण भिवराआत्याला मात्र बाळ निळं पडताना दिसत होतं. तिनं ते पायांना धरून उलटं केलं.

"आत्या, नका!" बाळाचा बाप दारातून कुजबुजला. "मावशी उठेल. गावात तुमच्याहून म्हातारं कुणी नाही."

"ठाऊक आहे रे. तूही असाच गप्प आला होतास," म्हणत आत्यानं बाळाच्या तळव्यावर सणसणीत चापट मारली.

बाळानं असा टाहो फोडला, की टोपल्यांखालचे कोंबडेही आरवले.

अंगणात अजून ऊन होतं. सगळे थिजून वाटेकडे बघत राहिले. आत्यानं बाळ पुसून आईच्या कुशीत दिलं, हात धुतले आणि उंबऱ्याशी दोन पाट मांडले.

"साखर काढून ठेवा," ती हसत म्हणाली. "मावशी आली तर आधी बाळ बघेल, तोंड गोड करेल. मग निघू आम्ही दोघी सावकाश."