बटाट्यांची पिशवी

सोल्वीने सात सिनेमे केले, पण बर्गनमध्ये तिला ओळखणारे आम्ही फिल्म क्लबचे चौघेच. दर मार्चमध्ये ती आम्हाला तिचा तोच एक जुना सिनेमा लावायला लावते आणि अकराव्या मिनिटाला उठून जाते.

यंदा मी विचारलंच, "एवढं वाईट काम केलंयस होय?"

"माझं काम बघतंय कोण!" ती हसली. "स्टुडिओला पैसे कुठले, शूटिंग आमच्याच स्वयंपाकघरात होतं. माझा नवरा आयनार ते विसरून बटाट्यांची पिशवी घेऊन आत आला. म्हणाला, 'सोल्वी, कुठे ठेवू गं?' दिग्दर्शक ते कापणार होता."

"मग कापलं का नाही?"

"सिनेमा पुरा व्हायच्या आत आयनार वारला. मी दिग्दर्शकाला म्हटलं, मानधन नको मला. त्याला राहू दे."