नारिंगी जाकीट

घाटात फाटा आला, की वाटाड्याच्या मागच्या मोटारसायकलवाल्यानं नारिंगी जाकीट चढवून मागच्यांना वाट दाखवायला तिथं थांबायचं, सगळ्यांत मागची सामानगाडी येईपर्यंत हलायचं नाही, असा सहलीचा नियम होता. चौथ्या दिवशी फाट्यावर तिचा नंबर लागला. सगळ्यांच्या मोटारसायकली पुढे गेल्या, नवराही हात हलवून गेला. सामानगाडी काही येईना. धुकं उतरलं, पाय गारठले, तरी ती तीन तास खुंटासारखी उभी राहिली. शेवटी विचारत विचारत मुक्कामाच्या गावात पोचली, तेव्हा गव्हर्नरच्या जुन्या बंगल्याच्या पायऱ्यांवर सगळ्यांचा फोटोही काढून झाला होता. “आल्या बाईसाहेब!” नवरा हसला. “होतीस कुठे?” सामानगाडीच्या ड्रायव्हरनं मान खाली घातली. “ताई, तुमच्या साहेबांनीच फोन केला, ‘सगळे पोचलेत, जवळच्या रस्त्यानं ये.’” तिनं ओलं जाकीट काढून नवऱ्याच्या खांद्यावर टाकलं. “उद्या फाट्यावर तुम्ही थांबा. माझी वाट बघू नका.”