जाजम

सांगलीच्या स्टुडिओत अर्जुन मास्टरने संगीतकार म्हणून आपल्या पहिल्या बोलपटासाठी म्हसवडचा गजी ढोल आणला, आणि वाजवायला स्वतःचा धनगर बाप. हा ढोल नाचत वाजवतात. ध्वनिमुद्रणात पावलंही वाजली. स्टुडिओच्या मालकांनी जाजम अंथरायला लावलं. "म्हाताऱ्याला यावर बसवा." बाप हसला. "आवं मालक, बसून रडत्यात. ढोल उभ्यानंच वाजीवत्यात." मालक मुलाकडे वळले. "मास्टर, बसवा त्याला, नाहीतर पुण्याहून दुसरा संगीतकार आणतो. पडद्यावर नावही त्याचंच येईल." त्या नावासाठी मास्टरने वर्षानुवर्षं दुसऱ्यांच्या चालींना पेटीची साथ केली होती. बापाला ते ठाऊक होतं. "बसतो रं अर्जुना," म्हणत तो गुडघे टेकू लागला. "आबा, उठा." मास्टरने जाजम गुंडाळून मालकांच्या हातात दिलं. "बसायचं तर तुम्ही बसा. पावलांसकटच माझं संगीत आहे." बूट काढून तो बापाशेजारी उभा राहिला. ध्वनिमुद्रण सुरू करणाऱ्या लाल दिव्याची वाट न बघता बापाने पाय आपटला.